केन टोड काय खातो, आणि त्याला खाऊन कोण मरतं?

रानजाई (धागाकर्ती)

ऑस्ट्रेलियातल्या सापांवर आणि कोळ्यांवर इथे पुष्कळ चर्चा झाली, पण केन टोडवर स्वतंत्र धागा सापडला नाही, म्हणून काढतेय. मी प्राणिशास्त्राची नाही. उत्तर क्वीन्सलंडमध्ये राहते आणि हा प्राणी पावसाळ्यात रोज रात्री दारात असतो, एवढीच माझी पात्रता.

केन टोड म्हणजे खडबडीत कातडीचा, मोठा, विषारी बेडूक, मूळचा मध्य आणि दक्षिण अमेरिकेचा. ऊसवाल्या देशांनी तो कीड खाईल या आशेने एकमेकांकडून नेला. कॅरिबियन बेटांवरून प्वेर्तो रिको, तिथून १९३२ मध्ये हवाई, आणि हवाईहून जून १९३५ मध्ये क्वीन्सलंड. ऊस संशोधन खात्यातल्या रेजिनाल्ड मंगोमेरी या कीटकतज्ज्ञाने जहाजाने १०२ टोड आणले. केर्न्सजवळच्या गॉर्डनवेलला त्यांची पैदास केली आणि ऑगस्टमध्ये सुमारे २,४०० पिल्लं शेतांजवळ सोडून दिली. वॉल्टर फ्रॉगॅट या जुन्याजाणत्या कीटकतज्ज्ञाने तेव्हाच ओरड केली होती. त्यामुळे पुढच्या सोडण्यावर काही काळ बंदीही आली, पण १९३६ मध्ये ती उठली.

आणले कशासाठी, तर उसाच्या मुळ्या खाणाऱ्या भुंगेऱ्याच्या अळीसाठी. आता गंमत बघा. अळी असते जमिनीखाली. प्रौढ भुंगेरा पहिल्या पावसानंतर जमिनीतून निघतो तो थेट उडून झाडावर जातो आणि अंडी घालण्यापुरता परत येतो. टोड असतो जमिनीवर. शिवाय उसाच्या कोवळ्या शेतात दिवसा ना सावली, ना ओल, त्यामुळे टोड शेतात थांबलेच नाहीत. ते माणसांच्या बागांत, ओढ्यांकडे आणि दिव्यांखाली गेले. भुंगेरे नंतर १९४० च्या दशकात बीएचसी या कीटकनाशक पावडरीने आटोक्यात आले, टोडने नाही.

आता खाणं. आमच्या व्हरांड्यातल्या दिव्याखाली चार-पाच जण पंगतीला बसल्यासारखे अंतर ठेवून बसतात. किडा पडला की जवळचा टोड अंग तिरकं करून त्याच्याकडे वळतो, क्षणभर अगदी स्तब्ध राहतो, आणि मग जीभ इतक्या झटकन बाहेर येऊन आत जाते की आपल्याला फक्त 'किडा होता, आता नाही' एवढंच कळतं. गिळताना दोन्ही डोळे मिटून डोक्यात आत जातात. ते नुसतं मिटणं नाही, डोळ्यांचे गोळे खरोखर टाळूच्या बाजूने खाली दबून घास घशाकडे ढकलतात. भुंगेरा मोठा असेल तर उरलेला भाग पुढच्या पायांनी तोंडात कोंबतो.

पोटात बहुतेक मुंग्या, वाळवी आणि भुंगेरे सापडतात. पण तोंडात मावेल ते सगळं चालतं: गोगलगाय, छोटा बेडूक, सरडा, उंदराचं पिल्लू, स्वतःच्याच जातीचं पिल्लूसुद्धा. बहुतेक बेडकांना हलणारं भक्ष्य लागतं, याला वासही पुरतो. कुत्र्याच्या वाडग्यातलं कोरडं खाणं हा निवांत संपवतो आणि नंतर पाण्याच्या वाडग्यात जाऊन बसतो. (टोड तोंडाने पाणी पीत नाही, पोटाखालच्या कातडीतून शोषून घेतो.) मधमाश्या पाळणारे लोक इथे पेट्या उंच स्टँडवर ठेवतात, कारण टोड रात्री पेटीच्या तोंडाशी बसून माश्या वेचतो. डंख बसत असणारच, पण त्याला फरक पडलेला दिसत नाही.

एवढं वाचून वाटेल की हा खादाड सगळं खाऊन संपवतो म्हणून वाईट. मलाही इथली मंडळी असंच सांगतात. पण जे काही वाचलंय त्यावरून माझं मत असं की त्याने जे खाल्लं त्यापेक्षा ज्यांनी त्याला खाल्लं, त्यांनी मोठी किंमत मोजली. डोळ्यांच्या मागे दोन फुगीर ग्रंथी असतात, त्यात विष. अंडी, डिंभ (पाण्यातली शेपटीवाली पिल्लं), काठावर आलेलं पिल्लू, मोठा टोड, सगळे विषारी. ऑस्ट्रेलियात टोडच्या जातकुळीतला एकही मूळचा प्राणी नव्हता, त्यामुळे तिथल्या मांसाहारी प्राण्यांना हे विष माहीतच नव्हतं. जाणकारांनी भर घालावी.

---

ठोंब्या

१०२ पाहुणे बोलावले आणि त्यांनी सगळी आळी व्यापली. आमच्या सोसायटीत पण असंच झालं होतं, पण ती कबुतरं होती.

---

उसवाला_सांगली

ताई, धागा भारी. तुम्ही सांगताय तो भुंगेरा म्हणजे आमच्या हुमणीचाच पाहुणा दिसतोय. आमच्याकडं वळवाचा नाहीतर मृगाचा पाऊस झाला की संध्याकाळी भुंगेरं जमिनीतनं निघत्यात, कडुलिंबावर, बाभळीवर, बोरीवर बसत्यात, पाला खात्यात, तिथंच मीलन, आणि पहाटं परत मातीत. म्हणून आम्ही रात्री आठ-नऊला झाडं हलवून खाली पडलेलं भुंगेरं गोळा करतो आणि रॉकेलच्या पाण्यात टाकतो. कारखानं आणि ग्रामपंचायती त्याची मोहीम घेत्यात. एक मादी मारली की तिची सगळी अंडी टळली, म्हणजे आपली मुळं वाचली.

मला कळत न्हाई ते हे की कीटकतज्ज्ञ असून भुंगेरं कुठं बसतंय हे बघितलं न्हाई? कुठल्याबी शेतकऱ्याला विचारलं असतं तरी सांगितलं असतं.

---

रानजाई

@उसवाला_सांगली, दादा, अगदी हेच. सायकल जवळजवळ तशीच, फक्त इथे पाऊस नोव्हेंबर-डिसेंबरात म्हणून भुंगेरे तेव्हा निघतात आणि अळी फेब्रुवारी ते मे मुळ्या खाते.

त्यांनी बघितलं नाही असं नाही. झालं असं की १९३२ मध्ये प्वेर्तो रिकोत ऊसतज्ज्ञांची जागतिक परिषद भरली, तिथे राकेल डेक्स्टर या संशोधिकेने टोडच्या पोटात काय सापडतं यावर निबंध वाचला. पोटात उसाला त्रासदायक किडे बरेच होते. त्या काळात तिकडे अळीचा त्रासही कमी झाला होता. दोन्ही गोष्टींची सांगड घालून श्रेय टोडला मिळालं आणि सगळे ऊसवाले देश टोड मागू लागले. पोटात किडा सापडणं वेगळं आणि शेतातली कीड कमी होणं वेगळं, हे कुणी सोडण्याआधी तपासलं नाही.

---

प्रा_बेडूकराव

उत्तम धागा. आयुष्यभर कॉलेजात बेडकांची चिरफाड करायला शिकवलं, त्यामुळे आयडी असा आहे, गैरसमज नसावा.

विषाबद्दल थोडं. टोडच्या विषातले मुख्य घटक हृदयाच्या पेशींमधला सोडियम-पोटॅशियमचा पंप बंद पाडतात. हृदयाचे ठोके बिघडतात आणि प्राणी मरतो, कधी कधी टोड तोंडात असतानाच. या पंपाच्या प्रथिनात एक-दोन ठिकाणी बदल झालेला असेल तर विष तिथे चिकटत नाही. आशिया आणि आफ्रिकेतल्या घोरपडींमध्ये असे बदल आहेत, कारण त्या लाखो वर्षं टोड असलेल्या प्रदेशात राहिल्या. ऑस्ट्रेलियातल्या घोरपडींमध्ये ते नाहीत. हे २०१५ मध्ये बियाटा उज्वारी आणि सहकाऱ्यांनी प्रसिद्ध केलं. आपली घोरपड अंगणातला खडबडीत बेडूक खाते आणि पुढे चालू लागते. तिची ऑस्ट्रेलियन चुलत बहीण तेच करते आणि मरते.

सापांतही तसंच आहे. ऑस्ट्रेलियातला कीलबॅक हा साप लहान टोड खाऊन पचवतो. तो आपल्या दिवडीच्या कुळातला, म्हणजे त्याचे पूर्वज आशियातून तिकडे गेलेले. पण तांबड्या पोटाचा काळा साप आणि डेथ ॲडर यांच्यासारखे ऑस्ट्रेलियातच वाढलेले बहुतेक विषारी साप स्वतः जहाल असूनही टोडपुढे हतबल.

---

शंकासुर

थोडा विरुद्ध सूर लावतो. टोडला येऊन नव्वद वर्षं होत आली. एवढा विषारी असेल तर क्वीन्सलंडमध्ये आतापर्यंत एकही साप, एकही घोरपड उरली नसती. आहेत की नाहीत? एखादी जात टोडमुळे नामशेष झाल्याचं उदाहरण आहे का? नसेल तर हे नेहमीचं 'परका आला, घर बुडालं' छापाचं रडगाणं वाटतं. शिवाय परके तर ससे, उंट, मांजरी आणि युरोपीय माणसंही होती.

---

डार्विनकर

@शंकासुर, मुद्दा रास्त आहे. टोडमुळे एखादी जात जगातून नाहीशी झाली असं झालेलं नाही. पण मी उत्तरेत राहतो, आणि इथे टोड आमच्या डोळ्यांदेखत आला. काकाडू राष्ट्रीय उद्यानात तो २००१ मध्ये पोचला, डार्विनच्या आसपास त्यानंतर काही वर्षांतच. त्याआधी कॅम्पिंगला गेलो की पिवळ्या ठिपक्यांची गोआना (ही इथली मोठी घोरपड) आमच्या सामानाभोवती घुटमळायची. कचऱ्याचा डबा उलटवणारी तीच. आता दिसली तर लोक फोटो काढून एकमेकांना पाठवतात. अभ्यासकांनी मोजलं तेव्हा काही ठिकाणी नव्वद टक्क्यांहून जास्त गोआना संपल्या होत्या. व्हिक्टोरिया नदीच्या काही पट्ट्यात गोड्या पाण्यातल्या मगरी ७७ टक्क्यांपर्यंत घटल्या. काकाडूतून उत्तरी क्वोल गेलाच. हा मांजरापेक्षा लहान, अंगावर पांढरे ठिपके असलेला, पिशवीवाला मांसाहारी. टोड येणार हे माहीत असल्याने २००३ मध्ये काही क्वोल पकडून अर्नहेम लँडजवळच्या ॲस्टेल आणि पोबासू या बेटांवर नेऊन ठेवले. तिथे त्यांची संख्या धडाक्यात वाढली. मात्र काही पिढ्यांनंतर त्यांना मुख्य भूमीवर परत आणलं तेव्हा त्यांच्यातली डिंगो (इथले रानकुत्रे) आणि मांजरांची भीतीच गेलेली होती. डिंगोंनी त्यांचा फडशा पाडला.

जगातून जाणं आणि आपल्या रानातून जाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, पण रानात राहणाऱ्याला दुसरीच दिसते.

---

निशिगंध_सिडनी

वाचतेय. क्वोलबद्दल पहिल्यांदाच कळलं.

एक प्रश्न: गोआना नव्वद टक्के गेल्या तर त्या ज्यांना खायच्या त्यांचं काय झालं? ते वाढले का?

---

डार्विनकर

@निशिगंध_सिडनी, बरोबर नस पकडलीत. हो, वाढले. गोआना अंडी खाण्यात पटाईत. त्या घटल्यावर नदीकाठी घरटी करणाऱ्या कासवांची आणि मगरींची अंडी जास्त वाचू लागली, किरमिजी फिंच या चिमुकल्या पक्ष्याची पिल्लं जास्त उडू लागली, आणि झाडांवर राहणारा एक बिनविषारी साप पूर्वीपेक्षा जास्त दिसू लागला. म्हणजे टोडने न खाल्लेल्या आणि टोडला न खाल्लेल्या प्राण्यांचंही आयुष्य बदललं. मगरीचं तर बघा, मगरी टोड खाऊन मेल्या, पण त्यांच्या अंड्यांचा चोरही मेला. बेरीज-वजाबाकी कुठे थांबते ते कुणालाच नीट सांगता येत नाही.

---

शंकासुर

हे मान्य. मग 'टोडमुळे नुकसान' असं सरसकट म्हणण्यापेक्षा 'टोडमुळे उलथापालथ' म्हणा. फिंचला विचारलं तर ती टोडला पेढे देईल.

---

रानजाई

फिंच पेढे देईल, पण वेडा राघू देणार नाही. आपल्या वेड्या राघूच्या जातकुळीतला रेनबो बी-ईटर इथे जमिनीत बोगदा करून अंडी घालतो. टोड रात्री त्या बोगद्यात शिरून अंडी आणि पिल्लं खातो. तेव्हा त्याचं खाणं अगदीच निरुपद्रवी असं मला म्हणायचं नव्हतं.

शेणातले भुंगेरे हेही एक. ऑस्ट्रेलियात गाईगुरं युरोपियनांनी आणली. कांगारूंच्या लेंड्यांना सरावलेल्या इथल्या शेणकिड्यांना ते ओलं, मोठं शेण झेपेना, म्हणून सरकारी संशोधन संस्थेने १९६० च्या दशकापासून आफ्रिका-युरोपातले शेणकिडे मुद्दाम आणून सोडले. ते काम जमलं. आता टोड रात्री पोवापाशी जाऊन बसतो आणि तेच शेणकिडे खातो. म्हणजे कीड मारायला आणलेला परका प्राणी उपयोगासाठी आणलेल्या परक्या किड्याला खातोय.

---

उसवाला_सांगली

ह्यो तर सरकारी खात्यांचा कारभार झाला. एक खातं रस्ता करतंय, दुसरं पाइपासाठी खणतंय.

---

अनामिका७

टोड स्वतःच्या पिल्लांना खातो असं वर वाचलं. किळस आली पण उत्सुकता आहे. खरंच का?

---

प्रा_बेडूकराव

खरंच, आणि दोन टप्प्यांवर.

पहिला पाण्यात. एक मादी एका वेळी आठ हजारांपासून तीस हजारांपर्यंत अंडी घालते, लांबलचक माळेत. त्याच डबक्यात आधीच असलेले थोडे मोठे डिंभ त्या अंड्यांच्या वासाने ओढले जातात आणि अंडी व नुकतीच फुटलेली पिल्लं खातात. फायदा उघड आहे: अन्न मिळालं आणि डबक्यातले स्पर्धकही संपले. मूळ अमेरिकेतही हे होतं, पण ऑस्ट्रेलियातल्या डिंभांमध्ये ही खोड खूपच जास्त तीव्र आढळली. तिथे टोडला सर्वांत मोठा प्रतिस्पर्धी टोडच आहे, त्यामुळे काही दशकांत निवड त्या दिशेने झाली. याचाच उपयोग करून सापळे निघाले आहेत. टोडच्या विषापासून तयार केलेलं आमिष पिंजऱ्यात ठेवलं की टोडचे डिंभ धावत येतात, इतर बेडकांचे येत नाहीत. टोडचे अभ्यासक रिक शाइन आणि त्यांचे सहकारी यामागे आहेत. डार्विनजवळ फॉग डॅमला त्यांचं वर्षानुवर्षं काम चाललं.

दुसरा टप्पा काठावर. मध्यम आकाराचा टोड बसल्या जागी मागच्या पायाचं लांब बोट हळूहळू हलवत राहतो. नुकतंच पाण्यातून बाहेर आलेलं, नखाएवढं पिल्लू त्याला किडा समजून जवळ येतं. पुढचं सांगायला नको. शिवाय ही पिल्लं दिवसा काठावर हिंडतात आणि त्याच वेळी तिथल्या मीट अँट नावाच्या मुंग्याही. त्या मुंग्यांना हे विष लागत नाही, त्यामुळे त्या पिल्लांना खातात.

---

मांडवीकाठ

आमच्याकडे गोव्यात उलटी गंगा. पावसाच्या सुरुवातीला शेतात डराव डराव करणारे पिवळे मोठे बेडूक पकडून काही लोक 'जंपिंग चिकन' म्हणून खातात. कायद्याने बंदी आहे, वनखातं दरवर्षी गस्त घालतं, तरी चालतं. बेडूक कमी झाले की भातातले किडे वाढणार हे सगळ्यांना ठाऊक. तिकडे बेडूक नको म्हणून मारतात, इकडे हवा तो खाऊन टाकतात.

---

प्रा_बेडूकराव

@मांडवीकाठ, आणि गंमत अशी की तुमचा हाच पिवळा बेडूक अंदमानात 'केन टोड' होऊन बसला आहे. मुख्य भूमीवरून नेलेल्या मत्स्यबीजात त्याचे डिंभ मिसळून गेले आणि साधारण या शतकाच्या सुरुवातीपासून तो तिथल्या बेटांवर पसरतोय. विषाचा प्रश्न नाही, प्रश्न निव्वळ तोंडाचा. त्याचे डिंभ तिथल्या मूळच्या बेडकांच्या डिंभांना फस्त करतात. मोठा झाला की पाली, सरडे, इतर बेडूक. अंदमानातल्या लोकांनी सांगितल्याप्रमाणे कोंबडीची पिल्लंही. नित्या प्रकाश मोहंती आणि जॉन मीझी यांनी यावर बरंच काम केलंय. गोव्यात जपायचा तोच प्राणी, समुद्रापलीकडच्या बेटावर रोखायचा.

आणखी एक. आपल्या न्हाणीघरात पावसाळ्यात येऊन बसतो त्या खडबडीत बेडकाचा जातभाई, म्हणजे आशियाई टोड, मादागास्करच्या तोआमासिना बंदराजवळ पसरलाय. २०१४ मध्ये लक्षात आलं. जनुकं तपासली तेव्हा ते भारतातले नसून आग्नेय आशियाच्या मुख्य भूमीवरचे निघाले, म्हणजे आपल्यावर आळ नको. पण तिथल्या ७७ जातींच्या प्राण्यांची जनुकं तपासली तर एका उंदरासारख्या प्राण्याखेरीज कुणातच त्या विषाला दाद न देणारा बदल नव्हता. मादागास्कर आता तिथे उभा आहे जिथे क्वीन्सलंड १९३० च्या दशकात होतं.

---

ठोंब्या

या धाग्यावर कुणीच आनंदाची बातमी देणार नाही का? क्वोल गेला, गोआना गेली, राघूची अंडी गेली. रात्री झोप लागेना.

---

निशिगंध_सिडनी

@ठोंब्या, घ्या. आमच्याकडे कचऱ्यात तोंड घालणारा पांढरा आयबिस (आपल्या शराटीचा भाऊबंद) सगळे 'बिन चिकन' म्हणून हिणवतात. हा पक्षी टोड उचलतो, झटकतो, हवेत फेकतो, पुन्हा पकडतो. त्रास दिला की टोड विष सोडतो. मग आयबिस त्याला पाण्यावर किंवा ओल्या गवतावर नेऊन धुतो, पुसतो आणि गिळतो. गोल्ड कोस्टकडच्या लोकांनी व्हिडिओ काढून अभ्यासकांना पाठवल्यावर २०२२ मध्ये याची बरीच चर्चा झाली.

कावळे आणि घारी टोडला उलटा करून पोटाकडून खातात, म्हणजे पाठीवरच्या ग्रंथींना चोच लागत नाही. वायव्य ऑस्ट्रेलियातल्या किंबर्ली भागातला राकाली नावाचा पाणउंदीर तर सर्जनच. छातीवर छोटासा छेद देऊन फक्त हृदय आणि यकृत काढतो, पित्ताशय बाजूला ठेवतो आणि बाकीचा टोड तसाच टाकून जातो.

---

रानजाई

आणि सापांचं राहिलं. तांबड्या पोटाच्या काळ्या सापात, जिथे टोड येऊन बरीच वर्षं झाली तिथल्या सापांची डोकी शरीराच्या मानाने लहान झालेली आढळली. डोकं लहान म्हणजे तोंड लहान, म्हणजे मोठा टोड मावत नाही, म्हणजे जिवावर बेतेल इतकं विष एका घासात पोटात जात नाही. मोठ्या तोंडाचे मोठा टोड गिळून मेले, उरले त्यांची पिल्लं. @शंकासुर, क्वीन्सलंडमध्ये साप अजून दिसण्यामागे हेही एक कारण.

---

शंकासुर

हे मस्त आहे. म्हणजे माझ्या बाजूनेच पुरावा देताय. निसर्ग जुळवून घेतो.

---

डार्विनकर

साप जुळवून घेतो, कारण त्याला पिल्लं खूप होतात आणि तो छोट्या टोडवर निभावतो. क्वोलचा नर एका विणीच्या हंगामानंतर सहसा मरतोच, मादी दोन-तीन वर्षं जगते. एका पावसाळ्यात टोडची लाट आली तर शिकायला वेळच मिळत नाही. क्वीन्सलंडमध्ये खडकाळ भागात काही क्वोल टिकले, त्यांच्यात टोडला तोंड न लावण्याची उपजत सवय आहे आणि ती पिल्लांत उतरते असं दिसलंय. पण तिथे टिकले म्हणून इथे टिकतील असं नाही.

म्हणून काही लोक शिकवायचा मार्ग घेतायत. टोडच्या मांसात मळमळ आणणारं औषध घालून सॉसेज करतात आणि टोड येण्याआधी क्वोलला खायला घालतात. एकदा पोट बिघडलं की टोडच्या वासानेच तो तोंड फिरवतो. गोआनांसाठी किंबर्लीत बालंगारा या आदिवासी समाजाच्या वनरक्षकांबरोबर जॉर्जिया वॉर्ड-फिअर यांनी लाटेच्या पुढे मुद्दाम छोटे टोड सोडले. छोटा टोड मारत नाही, आजारी पाडतो. ज्या गोआनांनी तो धडा घेतला त्या मोठे टोड आल्यावर वाचल्या. मगरींसाठी विषारी भाग काढून, औषध टोचून मेलेले टोड टांगले, बुनुबा समाजाच्या भागात. २०२४ मध्ये त्याचे निष्कर्ष आले आणि मगरींचे मृत्यू खूपच घटलेले दिसले.

मला स्वतःला हे टोड मारण्यापेक्षा पटतं. एका मादीची तीस हजार अंडी मोजायला बसलात तर बादलीभर टोड मारून काय होणार?

---

अनामिका७

पण मारतात ना लोक? आमचे एक नातेवाईक ब्रिस्बेनला आहेत, ते गोल्फच्या काठीने मारायचे असं ऐकलंय. ऐकूनच कसंतरी झालं.

---

रानजाई

@अनामिका७, पूर्वी सर्रास चालायचं, क्रिकेटच्या बॅटनेसुद्धा. आता पद्धत अशी: हातमोजे घालून पकडायचा, डब्यात घालून आधी काही तास फ्रिजमध्ये, मग फ्रीझरमध्ये. थंड रक्ताचा प्राणी असल्याने तो गारठून गुंगतो आणि झोपेतच जातो. टोडच्या मेंदूवर तपासून पाहिलं तेव्हा वेदनेची लक्षणं दिसली नाहीत. (हो, फ्रीझरमध्ये टोडचा डबा आणि मोदकाच्या सारणाचा डबा शेजारी. पाहुण्यांना लेबल वाचायला सांगते.)

मारण्याआधी ओळख पक्की करा हे इथे सगळे बजावतात. पॉबलबाँक नावाचा बिचारा स्थानिक बेडूक टोड समजून हकनाक मारला जातो. टोडची कातडी कोरडी आणि चामखिळीसारखी, डोळ्यांवर हाडाच्या उंच कडा, खांद्यांवर मोठ्या ग्रंथी. यातलं एकही नसेल तर सोडून द्या.

मारून फायदा नाही हे डार्विनकरांचं म्हणणं मला अर्धंच पटतं. एखाद्या शाळेच्या तळ्यापुरतं, सापळ्यात डिंभ पकडून, खूप फरक पडतो. खंडापुरता पडत नाही.

---

निशिगंध_सिडनी

कुत्र्यांचं काय? बहीण केर्न्सला बदली होऊन जातेय, लॅब्राडोर आहे, जे दिसेल ते तोंडात घालतो.

---

रानजाई

लॅब्राडोर असेल तर आधीच जवळच्या पशुवैद्याचा रात्रीचा नंबर फ्रिजवर चिकटवायला सांग. टोड तोंडात घेतला की तोंडाला फेस, हिरड्या लालभडक, चालण्यात तोल जाणं, वाढलं तर झटके. पहिलं काम: ओल्या फडक्याने हिरड्या, जीभ, गालाची आतली बाजू तोंडातून बाहेरच्या दिशेने पुन्हा पुन्हा पुसायची, फडकं दर वेळी धुवून. पाइपाने घशात पाणी मारायचं नाही, ते फुप्फुसात जातं आणि विषही पोटात ढकललं जातं. पुसत पुसत गाडीत बसा. खाण्याचं आणि पाण्याचं भांडं रात्री घरात, आणि मागच्या दारचा दिवा बंद. दिवा नाही तर किडे नाहीत, किडे नाहीत तर टोड फिरकत नाही.

---

प्रा_बेडूकराव

डार्विनकर, टोड आता पश्चिमेकडे कुठवर पोचला? मी शेवटचं वाचलं तेव्हा तो नुकताच वेस्टर्न ऑस्ट्रेलियात शिरला होता.

---

डार्विनकर

सर, शिरला २००९ मध्ये. आता किंबर्ली बराचसा व्यापलाय. सुरुवातीला वर्षाला दहा-पंधरा किलोमीटर सरकायचा, आता पन्नासच्या आसपास. लाटेच्या अग्रभागी असणाऱ्या टोडचे पाय मागच्यांपेक्षा लांब असतात हे २००६ मध्येच मोजलं गेलं. जो पुढे धावतो त्याची जोडीही पुढे धावणाऱ्याशीच जमते, त्यामुळे दर पिढीला वेग वाढतो. त्याची किंमतही आहे, या मोठ्या धावपटूंच्या मणक्यांत संधिवात सापडतो.

आता सगळ्यांची नजर ब्रूम आणि पोर्ट हेडलंड यांच्यामधल्या कोरड्या पट्ट्यावर आहे. एका बाजूला वाळवंट, दुसऱ्या बाजूला समुद्र, आणि मधे अरुंद वाट. तिथे कोरड्या हंगामात पाणी म्हणजे फक्त गुरांसाठी केलेली तळी. टोडला दर काही दिवसांनी अंग ओलं करावंच लागतं. ती उघडी तळी बंद करून न गळणाऱ्या टाक्या आणि उंच गव्हाणी केल्या तर तो पट्टा त्याला ओलांडता येणार नाही आणि त्यापलीकडचा पिलबारा प्रदेश वाचेल, असा हिशोब आहे. कराजारी आणि न्यांगुमार्ता समाजाचे लोक यात आहेत, कारण जमीन त्यांची.

---

उसवाला_सांगली

पाणी तोडायचं म्हंजे बरोबर ठिकाणी हात घातला म्हणायचा. पण टाकीचा नळ गळला तर?

---

डार्विनकर

दादा, म्हणूनच तिथल्या रॅंचवाल्यांशी वाटाघाटी चालल्यात. नळ, तोटी, तरंगता बॉल सगळं कोण बघणार आणि दुरुस्तीचा खर्च कुणी करायचा, गाडी तिथे अडलीय. ट्रकमधून, गवताच्या गठ्ठ्यांतून जाणारे टोड हा वेगळाच विषय आहे. सिडनीला ते असेच अधूनमधून उतरतात.